तानुबाईची छाटणी

आमच्याकडे सालाला माणूस ठेवत नाहीत, जोडी ठेवतात. दिंडोरीच्या बाजूला ज्याची म्हणून द्राक्षबाग आहे, त्याला गुढीपाडव्याच्या आधी महिनाभर एकच घोर लागलेला असतो, जोडी मिळाली का. जोडी म्हणजे नवरा-बायको, बागेतल्या खोलीत वर्षभर राहणारे, पाडव्यापासून पाडव्यापर्यंत. साल ठरतं ते नवऱ्याशी. पैसे, धान्य, दोन कपडे, घोंगडी, चपला, सगळं बोलणं त्याच्याशी. बायको त्या बोलण्यात नसते, पण ती नसेल तर बोलणंच होत नाही. एकटा गडी स्वयंपाक कोण करणार म्हणून नको असतो. आणि एकट्या बाईला साल द्यायचं, हे तर कुणाच्या डोक्यातही येत नाही. हे मी तक्रार म्हणून सांगत नाही. रीत होती, आणि मीही ती बरीच वर्षं बिनबोभाट चालवली.

आमचं मूळ मखमलाबादचं. माळ्याचं घर, शेवंती-झेंडू आणि मेथी-कोथिंबीर पिकवून नाशकात विकणारं. शहर अंगावर यायला लागलं तशी सासऱ्यांनी तिकडची जमीन काढली आणि अठ्ठ्याऐंशी साली दिंडोरीच्या अलीकडे तीन एकर घेऊन द्राक्षं लावली. म्हणजे गावात आम्हीही उपरेच. पण आम्ही उताऱ्यावर नाव लावून आलो आणि डोंगरातली माणसं बोचकं घेऊन आली, एवढा फरक. तसं पाहिलं तर उताऱ्यावर माझंही नाव नव्हतं, पण तेव्हा मी ते पाहिलं नव्हतं.

चौऱ्याण्णवच्या पाडव्याला वाळूने भिका आणि तानुबाईला आणलं. वाळू पेठ तालुक्यातल्या त्यांच्याच पाड्यावरचा, भिकाचा चुलतभाऊ. भात-नागली निघाली की तिकडे हाताला काम राहत नाही, मग हा माणसं गोळा करून इकडच्या बागांवर लावून द्यायचा. ओसरीवर खाटेवर मंजूचे वडील बसले होते. मंजूचे वडील म्हणजे माझे मालक. नवऱ्याचं नाव मी घेत नाही, लग्नात उखाणा घ्यायला लावला तेव्हाही चिडूनच घेतलं होतं. समोर खाली भिका आणि वाळू. तानुबाई लांब, गोठ्याच्या भिंतीला टेकून उभी, कडेवर चार वर्षांची मोहिनी. मी तिला चहा नेऊन दिला. तिने साल काय ठरतंय ते ऐकण्याचा प्रयत्नही केला नाही. ती माझ्या मागच्या मांडवाकडे पाहत होती, एवढ्या एकसारख्या वेली तिने कधी पाहिल्या नसाव्यात.

भिका गुणी माणूस. दारू नाही, तंबाखू तेवढी. खत उचल, पाणी भर, औषधाचा पंप पाठीवर घे, कधी नाही म्हणणार नाही. पण लहानपणी गवताचं पातं लागून त्याच्या एका डोळ्यात फूल पडलं होतं आणि दुसऱ्याने जवळचं बारीक दिसत नसे. हे त्याने साल ठरवताना सांगितलं नव्हतं. सांगितलं असतं तर ठेवला नसता, हे त्यालाही कळत होतं.

आता द्राक्षाचं थोडं सांगावं लागेल. ऑक्टोबरात काड्या छाटतात त्यावर वर्षाचं पीक ठरतं. प्रत्येक काडीवर ओळीने डोळे असतात, नवी फूट तिथून येते. त्यातल्या काहींत घड असतो, बाकीच्यांत नुसता पाला. घडाच्या डोळ्याच्या पुढे कात्री लागली पाहिजे. अलीकडे लागली की तो डोळाच तुटून जातो, आणि फार पुढे लागली की जोर वरच्या पाल्याला जातो, घड जिरतो आणि त्या जागी नुसता तणावा, बाळी म्हणतात ती, लोंबते. छाटणी पुरुषांनी करायची. पुढे डोळ्यांना औषध चोपडायचं काम बायकांचं, ज्याने बोटांची सालं निघतात. मणी विरळायची छोटी कात्री बायकांची, छाटणीची मोठी कात्री पुरुषांची. मोठ्या कात्रीची मजुरी आमच्या मजुरीच्या दुपटीच्या वर. बाईने मोठी कात्री धरली तर बाग रुसते असं आमच्या सासूबाई सांगायच्या. बाग लावून सहाच वर्षं झाली होती, एवढ्यात तिचा स्वभाव सासूबाईंना कसा कळला ते मी विचारलं नाही.

पहिल्या ऑक्टोबरात भिकाने पहिल्याच दिवशी दोन ओळी बिघडवल्या. मंजूचे वडील त्याला बोलले, नीट बघ म्हणाले. दुसऱ्या दिवसापासून मात्र त्याचा हात सुधारला. असा सुधारला की त्या वर्षी त्याच्या ओळींना इतर गड्यांच्या ओळींपेक्षा जास्त घड लागले. पुढच्या वर्षी सगळी बाग त्याच्याकडे दिली. तिसऱ्या वर्षी शेजारचे कोंडाजी दादा स्वतः चालत आले, भिकाला दोन दिवस द्या म्हणाले. नुसत्या नावावर तो आसपासच्या दहा-बारा बागांत जाऊ लागला. भिकाची छाटणी म्हटलं की माणसं मान डोलवायची. तानुबाई त्याच्याबरोबर असायचीच, जोडीच ती.

मला कळलं ते चुलीमुळे. छाटलेल्या काड्या आम्ही बायका गोळा करून वाळवतो, वर्षभर जळण होतं. शहाण्णव साली भारा सोडून काड्या मोडत होते, तर एकीच्या बुडाला पांढरा ठिपका. दुसरीला ठिपका. भाराभर काड्यांना, जिथे कात्री लागली तिथून बोटभर वर, चुना लावलेला. मी तशीच उठले आणि नाल्याकडच्या मांडवात गेले. तानुबाई पुढे चालली होती, डाव्या हातात तंबाखूच्या चुन्याची डबी. काडी धरायची, अंगठा फिरवत फिरवत डोळे चाचपायचे, थांबायचं, चुन्याचं बोट टेकवायचं. मागून भिका येत होता आणि पांढऱ्या ठिपक्याच्या बोटभर खाली कात्री लावत होता. पांढरं त्याला दिसायचं. ठिपका तुटलेल्या तुकड्याबरोबर खाली पडायचा, वेलीवर काही उरायचं नाही. कोण आलं तर ती वाळकी पानं तोडत असल्यासारखं करायची.

मी तिला विचारलं नाही की हे काय चाललंय. दिसतच होतं. एवढंच विचारलं, तुला कळतं कसं गं? ती जराशी घाबरली, मग म्हणाली, "घडाचा डोळा अंगठ्याला गोल लागतो वयनी, पाल्याचा चपटा. चाचपून बघा." मी चाचपून पाहिलं. मला दोन्ही सारखेच लागले. अजूनही लागतात.

मी कुणाला सांगितलं नाही. मंजूच्या वडिलांना कळलं असतं तर डोळ्याने अधू गडी कशाला म्हणून त्यांनी पाडव्याला दुसरी जोडी पाहिली असती, असं मला वाटलं. तानुबाईची कीव आली म्हणून मी गप्प बसले असं आजवर मनाला सांगत आले. खरं कारण असं की बाग चांगली पिकत होती. मला नवीन घर हवं होतं आणि ते त्या चुन्यावर बांधलं जात होतं. मग मी एक करू लागले, काड्या अंगणात येताच पांढरी टोकं मोडून आधी चुलीत घालायची. वर्षानुवर्षं हेच. नवऱ्यापासून एवढी मोठी गोष्ट लपवली याचा मला धाक वाटायचा, आणि थोडी ऐटही.

एका दसऱ्याला गावातल्या बागायतदारांनी मिळून भिकाला टॉवेल-टोपी आणि नारळ दिला. पाराजवळ चांगली पन्नास माणसं. भिका खाली मान घालून उभा, जणू चोरी करताना सापडलाय. बायका मागे होत्या, तानुबाईही. तिने मोहिनीचे केस विंचरायला घेतले होते, ते विंचरणं काही थांबवलं नाही. दुसऱ्या दिवशी मी ताक द्यायला खोलीवर गेले तर ती भाकरी थापत होती आणि ती टोपी तिच्या डोक्यावर. भिकाने घातली होती, आणि काढू देत नव्हता. हसून हसून तिची भाकरी तव्याबाहेर पडली. मी त्यांना तसं हसताना परत पाहिलं नाही.

मोहिनी माझ्या मंजुषाच्या वर्गात. दोघी एकाच सायकलवर हायस्कूलला जायच्या, एक पायडल मारायची, दुसरी मागे. मंजूला दहावी पास व्हायचं होतं कारण नाशिककडच्या स्थळांना दहावी पास लागत होती. मोहिनीला का शिकवतेस असं मी तानुबाईला एकदा विचारलं होतं. ती म्हणाली, तिला कुणी जोडीत धरू नये म्हणून. मी समजल्यासारखी मान हलवली.

दोन हजार पाचच्या श्रावणात भिका कावीळ होऊन गेला. पंधरा दिवस ती अंगावर काढली, डोळे हळदीसारखे झाले तेव्हा आम्ही जीप करून नाशकाला नेला, पण उशीर झाला होता. तानुबाई त्याला पाड्यावर घेऊन गेली. दिवस घातले आणि तेराव्या दिवशी मोहिनीला घेऊन परत खोलीवर हजर. मोहिनीची दहावी सुरू झाली होती. तिकडे पाड्यावर सातवीपर्यंत शाळा, वसतिगृहाचे प्रवेश जूनमध्येच संपलेले. दहावीचे पेपर मार्चमध्ये. तोवर डोक्यावर छप्पर हवं, एवढंच तिला हवं होतं. सात महिने.

आणि खोली तर जोडीची. गणपती बसले त्या आठवड्यात वाळू आला. तो काही वाईट माणूस नव्हता, त्याने रीतीप्रमाणे दोन वाटा आणल्या. एक, तानुबाईने भिकाच्या धाकट्या भावाशी पाट लावावा. त्याची बायको होती, पण तिची हरकत नव्हती म्हणे. दुसरी, वाळूच्या मेहुण्याचा मुलगा होता अठरा-एकोणीसचा, त्याच्याशी मोहिनीचं लावून द्यावं, तुळशीचं लग्न झालं की लगेच. पोरगा इथे येऊन साल धरेल, म्हणजे खोलीही राहील आणि आईही जवळ राहील. मंजूच्या वडिलांना दुसरी वाट पटली. पोरीला बागेतलं सगळं काम येतं म्हणाले, तयार जोडी. मोहिनी पंधरा वर्षांची होती. मंजूही पंधराची होती आणि त्या वेळी आत बसून त्यांच्याच पैशाचं गाईड वाचत होती.

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. वाळू गेल्यावर मी मंजूच्या वडिलांना सगळं सांगून टाकलं. भिकाला दिसत नव्हतं, छाटणी तानुबाईची होती, पहिल्या वर्षापासून. चुन्याचं सांगितलं, काड्यांचं सांगितलं. तिला ठेवा, बाग तिच्यामुळे आहे, असं म्हणाले. नऊ वर्षांचं पोटातलं ओकले आणि ते काय म्हणतात म्हणून पाहत राहिले.

ते विडी पेटवत होते. काडी विझवून म्हणाले, "ते मला माहीत आहे. दुसऱ्या-तिसऱ्या सालीच कळलं होतं."

 मग बोलला का नाहीत, असं मी विचारलं. ते म्हणाले, बोलून काय करणार? बोललो असतो तर तिला कात्रीची मजुरी द्यावी लागली असती. शिवाय चारचौघांत माझ्या बागेची छाटणी बाई करते म्हणून सांगायचं का? भिकाला टोपी घातली, भिका खूश, काम झालं. हे ते चिडून नाही, समजावून सांगत होते. मला इतका राग त्यांचा कधी आला नव्हता, आणि माझाही. मी नऊ वर्षं टोकं मोडत बसले, आणि हा माणूस नऊ वर्षं मला टोकं मोडताना पाहत होता.

तानुबाईला ठेवायला मात्र ते तयार झाले, त्यांच्या पद्धतीने. तिला ओसरीपुढे बोलावलं. दोन गडी आणलेत म्हणाले, छाटणी ते करतील, तू पुढे चालून खुणा करायच्या, नेहमीसारख्या. बाईची मजुरी मिळेल. दिवाळीपर्यंत खोलीत राहा, मग वाळूचं काय ते बघू.

तानुबाई म्हणाली, "खूण भिकासाठी होती, मालक. त्याला दिसत नव्हतं. तुमच्या माणसांना दिसतंय."

ती अशी बोलेल हे त्यांना अपेक्षित नव्हतं, मलाही नव्हतं. मग करायचं काय तुला, असं त्यांनी विचारलं. तिने कात्री मागितली. ती हातात देऊन पाडव्यापर्यंतचं साल तिच्या एकटीच्या नावाने बोला, असं म्हणाली. मंजूचे वडील हसले, वाईट हसले नाहीत, लहान मुलाला हसतात तसे. जा, औषधाच्या कामाला लाग म्हणाले. ती लागली, बायकांच्या मजुरीवर. भांडली नाही.

आमची बाग दोन तुकड्यांत. विहिरीजवळचा एक एकर आधी छाटायचा, नाल्याकडचा दोन एकर वीस-बावीस दिवसांनी, म्हणजे मजूर पुरतात. विहिरीकडच्या एकराच्या खुणा मंजूच्या वडिलांनी स्वतः केल्या. एवढी वर्षं ते भिकाने छाटलेल्या काड्यांचे डोळे मोजत आले होते, हे मला तेव्हा कळलं. बहुतेक काड्या सातव्या डोळ्यावर तुटलेल्या असत, म्हणून त्यांनी चुन्याची डबी घेतली आणि सरसकट सातव्या डोळ्यावर बोट टेकवत गेले. तिच्यात आणि त्यांच्यात फरक एवढाच की ती मोजत नव्हती. जाड काडीला तिचा अंगठा कधी पाचव्यावर थांबायचा, कधी नवव्यावर. त्या वर्षी पाऊस लांबला होता, काड्या वेगळ्याच पिकल्या होत्या. मागे औषध चोपडत येणाऱ्या तानुबाईला ते दिसत होतं. ती काही बोलली नाही, आणि मी तिला बोल म्हटलं नाही.

ते अठरा-वीस दिवस मी कधी विसरणार नाही. वाळू दोनदा येऊन गेला, तुळशीच्या लग्नानंतरची तारीख धरली म्हणाला. मोहिनी रोज शाळेत जात होती, पण मंजूला तिने विचारलं होतं की मध्येच शाळा सोडली तर परीक्षेची फी परत मिळते का. तानुबाई सकाळी कामावर येताना विहिरीकडच्या मांडवाखालून यायची आणि वर मान करून फुटलेले डोळे बघायची. तिचं सगळं त्या डोळ्यांवर होतं. घड आले असते, तर मालकाला तिची गरज उरली नसती आणि मोहिनीचं लग्न झालं असतं. आपल्याच मालकाची बाग बुडावी म्हणून कुणी देवाला मागत असेल का? मी मागितलं. तीन एकरांतलं एक एकर. नव्या घराचा स्लॅब बाकी होता तरी मागितलं.

घड जिरले. वेलीला आठ-दहा घड, ते पण तोंडी लावायला असावेत तसे, बाकी पाला आणि बाळ्या. कोंडाजी दादा कुंपणाशी येऊन बघून गेले, काही न बोलता गेले, आणि तेच मंजूच्या वडिलांना जास्त लागलं. नाल्याकडचा दोन एकर अजून छाटायचा होता.

दिवाळीच्या आधी दोन दिवस ते तानुबाईच्या खोलीवर गेले, मोठी कात्री घेऊन. मला बरोबर बोलावलं, एकट्या बाईच्या दारात एकटं कसं जायचं म्हणून. त्या दारात ते अकरा वर्षांत पहिल्यांदा उभे राहिले असावेत, कारण चौकट केवढी खाली आहे ते त्यांना माहीत नव्हतं, कपाळ आपटलं. तानुबाई बाहेर आली. त्यांनी कात्री पुढे केली. तिने ती घेतली नाही.

"पाडव्यापर्यंत खोली," ती म्हणाली. "मोहिनीचं लगीन कुणी काढायचं नाय, वाळूला तुमीच सांगायचं, माझ्यासमोर. आन् कात्री भिकाच्या मजुरीनं धरीन, चुना लावून नाय."

ते हो म्हणाले. मग तिने कात्री घेतली. ती उघडून स्प्रिंग दाबून पाहिली, आणि हात लहान असल्यामुळे मुठीत नीट बसेना म्हणून दांड्याला चिंधी गुंडाळायला आत गेली. वाळूला त्यांनी खरोखर सांगितलं, तिच्यासमोर, ओसरीवर. वाळू म्हणाला, मग जोडी? ते म्हणाले, यंदा जोडी नको.

भाऊबीजेच्या दुसऱ्या दिवसापासून ती छाटायला लागली. शेजारच्या बागांतली माणसं कामं सोडून बघायला आली होती. ती वर मान करून उभी, अंगठा फिरवायची, कात्री लावायची, पुढे. मोहिनी सुट्टीतही बागेत आली नाही; तिला खोलीत अभ्यासाला बसवून बाहेरून कडी घातली होती, आणि मंजूही तिथेच जाऊन बसायची. नाल्याकडचा दोन एकर असा लागला की त्याने विहिरीकडचं निम्मं भरून काढलं. मंजूचे वडील सगळ्यांना सांगत होते, भिकाने शिकवलं तिला, मरायच्या आधी सगळं शिकवून गेला. तानुबाई शेजारी उभी असली तरी सांगायचे. कोंडाजी दादांनी तिला विचारलं, खरंच भिकाने शिकवलं का? ती म्हणाली, हो. मी तिला नंतर झाडलं, हो कशाला म्हणालीस म्हणून. तिने मला विचारलं, मोहिनीचे पेपर कधी सुरू होणार, वयनी, दोन तारखेला की पाच?

माल फेब्रुवारीत उतरला. पेपर पाडव्याच्या पाच-सहा दिवस आधी संपले. मोहिनीला भूमितीचा जड गेला म्हणे, पण सगळे दिले.

आणि पाडवा आला. मंजूच्या वडिलांच्या अंगात त्या दिवशी मोठेपणा संचारला होता. ओसरीवर त्यांनी कोंडाजी दादांना आणि आणखी चार-पाच जणांना बोलावलं. वाळूही नवी जोडी घेऊन कुणाकडे तरी निघाला होता, त्याला थांबवलं. माझ्याकडून तानुबाईसाठी साडी आणवली, चांगली, किंमत बघू नको म्हणाले. सगळ्यांसमोर त्यांनी जाहीर केलं की यंदा आपण साल तानुबाईच्या एकटीच्या नावाने ठरवतोय, भिकाच्या बरोबरीने, पूर्ण, आणि असं या गावात आजवर कुणी केलं नाही. ते खरंच होतं, कुणी केलं नव्हतं. माणसं वा म्हणाली. मलाही क्षणभर बरं वाटलं, खोटं कशाला सांगू.

तानुबाई अंगणात उभी होती. तिने साडीकडे पाहिलं, मग मंजूच्या वडिलांकडे.

"पोरीचे पेपर झाले, मालक," ती म्हणाली. "आता साल धरायचं नाय."

 मंजूचे वडील म्हणाले, कमी पडतंय का, बोल. ती कमी-जास्त काहीच बोलली नाही. दिंडोरीत बाजारापलीकडे एक खोली घेतलीय म्हणाली, मोहिनी तिथून अकरावीला जाईल. छाटणीला बोलवा, येईन, कात्रीची मजुरी पडेल. आणि खोलीतून एक पत्र्याची पेटी आणि दोन बोचकी बाहेर काढली. सगळं आधीच बांधून ठेवलं होतं. मोहिनीने पेटी उचलली.

मंजूच्या वडिलांचा चेहरा पडला. ते मला म्हणाले, तू तरी समजव तिला, आपण काय कमी केलं हिचं? इतकी वर्षं मी त्यांच्याकडून असं काही ऐकलं की तोंडातल्या तोंडात काहीतरी म्हणून आत जायची. त्या दिवशी मी ओसरी उतरले, त्यातलं मोठं बोचकं उचललं आणि डोक्यावर घेतलं. मालकाची बायको, पाडव्याचं नवं लुगडं, डोक्यावर कामवालीचं बोचकं. मागून त्यांनी ठेव ते खाली असं म्हटलेलं सगळ्यांनी ऐकलं. मी ठेवलं नाही.

फाट्यापर्यंत रस्ता दीड किलोमीटर. तानुबाई दोनदा म्हणाली, वयनी, द्या इकडं, लोक बघत्यात. मी म्हटलं, बघू दे.  मला तिची माफी मागायची होती, पण कशाकशाची मागणार? खरं तर मला तिचा हेवा वाटत होता, आणि हेवा वाटतो म्हणून लाज वाटत होती. तिला जायला खोली होती, भाड्याची का होईना, तिने स्वतः बोलून घेतलेली.

फाट्यावर जीप आली, खच्चून भरलेली. मोहिनी मागे लटकली, तानुबाई पेटीवर बसली, बोचकी टपावर गेली. ड्रायव्हरने मला विचारलं, ताई, तुम्ही बसताय का, सरकवतो जरा. मी नाही म्हटलं. पण लगेच नाही म्हटलं नाही, आणि तानुबाईने तेवढ्यात सरकून जागा केली होती.